डोहाळजेवणात पाहुण्यांची गट्टी जमवायचा सोपा खेळ: वरण शोधतंय भाताला

कुठल्याही डोहाळजेवणाला गेलात की पहिला अर्धा तास नीट बघा एकदा. एका भिंतीला माहेरची मंडळी, समोरच्या भिंतीला सासरची, मधे ऑफिसच्या चार मैत्रिणी आपापल्यातच सेल्फी काढतायत, सोसायटीतल्या काकू दाराजवळच्या खुर्च्या धरून बसल्यात (लवकर निघायचं असतं ना), आणि पुरुषमंडळी, हल्ली बोलावतात त्यांनाही, ती पॅसेजमध्ये मोबाईलमध्ये डोकं घालून उभी. आणि जिच्यासाठी हे सगळे जमलेत ती आत खोलीत, कारण फुलांची वाडी बांधून होत नाहीये, मुकुट ढिला झालाय, कंबरपट्टा पुरत नाहीये, सातव्या महिन्यात तो पुरणारही नसतो पण फुलवाल्याला माप जुनंच दिलेलं असतं.

हा जो मधला वेळ आहे ना, साधारण वीस ते तीस मिनिटं, हाच खेळाचा वेळ. बहुतेक जण खेळ ठेवतात शेवटी, ओटी भरून झाल्यावर, तेव्हा सगळ्यांचं लक्ष जेवणाच्या वासाकडे असतं आणि ओळखी करून उपयोग काय, निघायचीच वेळ झालेली असते. खेळ आधी घ्या. अगदी दोनचारच जण आलेले असताना नाही हं, निम्मेअर्धे आले की लगेच.

मी हा खेळ पहिल्यांदा घेतला माझ्या धाकट्या नणंदेच्या डोहाळजेवणात, मोठी वहिनी म्हणून माझ्या गळ्यात पडला होता, आणि त्यानंतर बहिणीच्या, मग दोन मैत्रिणींच्या, असं करत करत आता आमच्याकडे कोणालाही दिवस गेले की मला आधीच फोन येतो की त्या चिठ्ठ्या आहेत ना अजून. तर कसा घ्यायचा ते सगळं लिहून ठेवते, चुका पण लिहिते कारण त्या मी भरपूर केल्यात.

खेळ एका वाक्यात सांगायचा तर असा, प्रत्येकाला एक चिठ्ठी, चिठ्ठीवर जोडीतला एक शब्द, कोणाला वरण तर कोणाला भात, आपला जोडीदार शोधायचा, त्याच्याशी पाच मिनिटं बोलायचं आणि मग सगळ्यांसमोर स्वतःची नाही तर जोडीदाराची ओळख करून द्यायची. एवढंच. नवीन काही नाही, शाळेच्या शिबिरात खेळलेलेच असतो आपण. पण डोहाळजेवणात तो नीट बसवायला तीनचार गोष्टी लक्षात घ्याव्या लागतात, आणि त्यातली सगळ्यात मोठी म्हणजे जोडीदाराला विचारायचे प्रश्न.

कारण काय होतं, आपण डोहाळजेवण म्हटलं की सहज प्रश्न काढतो, तुम्हाला काय डोहाळे लागले होते? ऐकायला मस्त वाटतो. डोहाळे शब्द आलाय संस्कृत दोहद वरून, आणि आयुर्वेदात गरोदर बाईला दौहृदिनी म्हणतात, म्हणजे दोन हृदयं असलेली, बाळाचं आणि तिचं, म्हणून तिच्या इच्छा पुरवायच्या. सगळं छान आहे. पण त्या हॉलमध्ये बसलेली प्रत्येक बाई गरोदर राहिलेली असते का? एखादीचं लग्न व्हायचंय, एखादी चार वर्षं डॉक्टरांकडे खेपा घालतीये आणि कोणाला सांगितलेलं नाहीये, एखादीचं गेल्या वर्षी सहाव्या महिन्यात गेलं, एखादीला मूल नकोच आहे आणि तिला त्यावर भाषण ऐकायचं नाहीये. मी एकदा हाच प्रश्न ठेवला होता. एक लांबची जाऊबाई नुसतं हसून म्हणाली माझं काही नाही हो, पुढच्यांना विचारा, आणि ती जे खाली बघून बसली ते ओटी भरेपर्यंत. तिला काय झालं होतं ते मला नंतर सासूबाईंनी स्वयंपाकघरात सांगितलं. तेव्हापासून माझा नियम एकच, प्रश्न असा पाहिजे की आठ वर्षांच्या पोरापासून ऐंशीच्या आजीपर्यंत, बाई असो बुवा असो, लेकरं असोत नसोत, प्रत्येकाला उत्तर देता आलं पाहिजे.

तर माझा प्रश्न ठरलाय, लहानपणी तुम्हाला घरात काय हाक मारायचे?

लहान तर सगळेच होते. आणि बाळाच्या निमित्ताने जमलोय तर विषय पण बरोब्बर बसतो. यात काय काय बाहेर येतं ते तुम्ही करून बघाच, आमच्याकडे सासूबाईंचे मोठे भाऊ, बँकेतून मॅनेजर म्हणून रिटायर झालेले, घरात त्यांच्यासमोर कोणी मोठ्याने बोलत नाही असे, त्यांच्या जोडीला आली होती नणंदेच्या ऑफिसमधली एक मुलगी, आणि तिने माईकवर सांगितलं की यांना घरी गुंडू म्हणायचे. पुढची दहा मिनिटं कोणी कोणाचं ऐकत नव्हतं. बेबी तर प्रत्येक खानदानात निदान एक निघतेच, वय वर्षं सत्तर. ठकी, छबी, चिमी, बंड्या, पिंट्या, सोन्या, बाळ्या असे सगळे निघतात, बाळ्या नावाचे तीन निघाले होते एकदा, तिघांची वयं पन्नासच्या पुढे.

फक्त एक सावधगिरी. जुन्या माणसांची काही नावं गमतीची नसतात. दगडू, धोंडू, केरू ही नावं ठेवायचे कारण आधीची मुलं जगलेली नसायची, याला तरी दृष्ट लागू नये म्हणून मुद्दाम दगड म्हणायचं, केर म्हणायचं. आणि नकुशी तर माहितीच आहे, मुलीवर मुलगी झाली की नकोशी म्हणून नकुशी, सातारा जिल्ह्यात 2011 साली अशा अडीचशेहून जास्त मुलींची नावं एका कार्यक्रमात बदलून दिली होती, म्हणजे फार जुनी गोष्ट नाही ही. त्यामुळे प्रश्न सांगताना पहिल्यापासूनच जोडून सांगायचं, हाकेचं नाव सांगा नाहीतर लहानपणी सगळ्यात जास्त आवडणारा खाऊ सांगा. खाऊ सांगणाऱ्याला परत नाव विचारायचं नाही. हे जोडीदारांना पण सांगून ठेवा, काही जण उगाच खोदतात.

दुसरा प्रश्न, डोहाळकरणीची तुम्हाला माहीत असलेली एक गंमत. यात माहेरचे जिंकतात, साहजिक आहे, पण सासरच्यांना नव्या सुनेच्या गोष्टी कळतात आणि माहेरच्यांना कळतं की आपली पोरगी तिकडे रविवारी दहापर्यंत झोपते. ऑफिसवाल्यांना तिसऱ्याच गोष्टी माहीत असतात. ज्यांची तिच्याशी ओळखच नाही, म्हणजे कोणाच्या तरी सासूबाई सोबत म्हणून आलेल्या, त्यांनी हा प्रश्न सोडला तरी चालतं.

तिसरा प्रश्न तोंडी नाही, चिठ्ठीच्या मागे लिहायचा. बाळ घरी आल्यावर मी एक दिवस काय मदत करीन. त्याचं नंतर सांगते.

आता चिठ्ठ्या. जरा जाड कार्डशीट घ्या, ए फोर साईजच्या एका कागदाचे आठ तुकडे होतात, चाळीस माणसांना पाच कागद पुरतात, मी सहा घेते कारण एखादी चिठ्ठी कोणीतरी पाण्याच्या ग्लासाखाली ठेवतंच. दोन रंगांचे घ्या, पिवळे आणि हिरवे. पिवळे माहेरच्यांना, हिरवे बाकी सगळ्यांना, बाकी म्हणजे सासर, शेजारी, ऑफिस सगळे. जोडीतला एक शब्द पिवळ्यावर लिहायचा, दुसरा हिरव्यावर. म्हणजे आपोआप मावशीला जोडी म्हणून दुसरी मावशी मिळणारच नाही, पलीकडच्या भिंतीवरचंच कोणीतरी मिळणार. रंग न करता नुसत्या चिठ्ठ्या वाटल्या तर लोक हळूच आपापसात बदलून घेतात, मी डोळ्यांनी बघितलंय, दोघी बहिणींनी शेजारच्या काकूंना पटवून वरण आणि भात दोन्ही आपल्याकडे घेतले होते.

अक्षर मोठं काढा, जाड स्केचपेनने, आजीलोकांना चष्मा न शोधता वाचता आलं पाहिजे.

शब्द मी बाळाचे आणि घरातले मिसळून घेते. अंगडं आणि टोपडं, पाळणा आणि दोरी, बाळगुटी आणि सहाण, काऊ आणि चिऊ, तेल आणि मालिश, शेक आणि शेगडी, डिंक आणि लाडू, वरण आणि भात, पिठलं आणि भाकरी, श्रीखंड आणि पुरी, पुरण आणि पोळी, पाटा आणि वरवंटा, खल आणि बत्ता, पोळपाट आणि लाटणं, सुई आणि दोरा, हळद आणि कुंकू, तीळ आणि गूळ, कप आणि बशी, दही आणि साखर, मीठ आणि मिरची. झाल्या वीस जोड्या, चाळीस माणसं. कमी असतील तर खालच्या काढून टाका, बाळाच्या ठेवा. तरुण मुलींना सहाण म्हणजे काय ते माहीत नसतं आणि मग त्या विचारत फिरतात, ते तर चांगलंच आहे, एखादी आजी पाच मिनिटं हळकुंड, वेखंड, जायफळ किती वळसे उगाळायचं ते सांगत बसते. (ऐकून घ्यायचं, बाळाला काय द्यायचं ते मात्र डॉक्टरांना विचारूनच, आणि मध तर एक वर्षाच्या आत अजिबात नाही.)

शब्द निवडताना माझी झालेली फजिती सांगते. पहिल्या वेळी मी हौसेने मिसळ–पाव पण लिहिलं आणि वडा–पाव पण. दोन पाव, एक मिसळ, एक वडा. मिसळ म्हणते हा माझा पाव, वडा म्हणतो माझा, आणि दुसरा पाव पॅसेजमध्ये कॉल घ्यायला गेलेला. तसंच डिंकाचा लाडू आणि अळिवाचा लाडू दोन्ही ठेवू नका, पिठलं–भाकरी असेल तर ठेचा–भाकरी नको, साबुदाण्याची खिचडी आणि मुगाची खिचडी नको. जोडीतला कुठलाही शब्द दुसऱ्या कोणालाही चालता कामा नये. लिहून झालं की घरातल्या कोणाला तरी एकदा नुसत्या जोड्या लावायला द्या, दोन मिनिटात कळतं कुठे गोंधळ आहे.

आता वाटायचं कसं, हे सगळ्यात महत्त्वाचं आणि हेच लोक चुकतात. सगळ्या चिठ्ठ्या परडीत टाकून ज्याने त्याने उचलायची असं करू नका. का, तर आपल्याकडे साडेचारचा कार्यक्रम म्हणजे लोक साडेचार ते सहा असे कधीही येतात. मग भात हॉलमध्ये फिरतोय आणि वरण घोडबंदर रोडच्या ट्रॅफिकमध्ये. बिचारा भात किती वेळ शोधणार? त्यापेक्षा जोड्या आधीच टाचणीने एकत्र लावून ठेवा, आणि वाटायच्या आधी टाचण्या काढून दोन गठ्ठे नीट क्रमाने करा, पिवळ्यातली पहिली वरण, हिरव्यातली पहिली भात, दुसरी पाळणा, हिरव्यात दुसरी दोरी. माहेरचं पहिलं माणूस आलं की पिवळ्यातली वरची, बाकीच्यातलं पहिलं आलं की हिरव्यातली वरची. म्हणजे जे आधी आलेत त्यांच्या जोड्या आधी पूर्ण होतात, उशिरा येणाऱ्यांच्या जोड्या उशिरा येणाऱ्यांशीच. दाराशी अत्तर, गुलाबपाणी द्यायला जी मुलगी उभी असते तिच्याच हातात हे दोन गठ्ठे द्या, दहाबारा वर्षांची मुलं हे काम फार चोख करतात, मोठ्यांपेक्षा चोख, मोठी माणसं गप्पा मारायला लागतात.

माहेरचे जास्त आणि बाकीचे कमी, किंवा उलट, असं होणारच, मोजून कोण येतं. खेळ सुरू करताना दोन्ही गठ्ठ्यातल्या किती गेल्या ते बघायचं, पिवळ्या चार जास्त गेल्या असतील तर त्या चौघांना आपसात जोडून टाकायचं, त्यातल्या त्यात एक आईकडची एक वडिलांकडची. एक जण उरला तर कुठल्यातरी जोडीत तिसरा, कप, बशी आणि चमचा. तेवढं हसण्यावारी जातं.

सुरू करायला माईक असेल तर उत्तम, सोसायटीच्या हॉलमधला माईक ऐन वेळी चालत नाही हे गृहीत धरा आणि पूजेची घंटा जवळ ठेवा. थाळी आणि चमचा पण चालतो. नियम सांगताना लांबण लावायची नाही, मी एवढंच सांगते:

"मंडळी, प्रत्येकाच्या हातात एक चिठ्ठी आहे, तुमची दुसरी अर्धी पलीकडच्या भिंतीला बसलीये. घंटा वाजली की उठा आणि शोधा. साठीच्या पुढच्यांनी उठायचं नाही, चिठ्ठी हातात वर धरून बसायचं, जोडीदार तुमच्याकडे येईल. सापडलं की शेजारी शेजारी बसा आणि दोन गोष्टी विचारा, लहानपणी घरात काय हाक मारायचे नाहीतर लहानपणीचा आवडता खाऊ कुठला, आणि आमच्या डोहाळकरणीची एक गंमत. पाच मिनिटांनी परत घंटा वाजेल."

साठीच्या पुढच्यांनी बसून राहायचं हा नियम मोठ्याने सांगाच, गुडघ्यांचा प्रश्न असतो, आणि नियम म्हणून सांगितलं की कोणाला आपण म्हातारे म्हणून वगळलं असं वाटत नाही, उलट सगळे येऊन विचारतात आजी तुम्ही कोण, आणि आजी म्हणते मी वरवंटा. एक पंचावन्नच्या काकू हटकून म्हणतात मी पण साठीचीच आहे. बसू द्या.

शोधायला चार मिनिटं भरपूर होतात, गोंगाट होतो तो होऊ द्या, त्यासाठीच आहे ना सगळं. पुरुषांना पॅसेजमधून आत आणायचं काम डोहाळकरणीच्या नवऱ्याला द्या, त्याला तसंही त्या दिवशी काय करावं कळत नसतं, सगळे त्याला बाजूला हो म्हणत असतात. त्याची स्वतःची चिठ्ठी मात्र मी ठरवून देते, दोरी त्याच्याकडे आणि पाळणा त्याच्या सासऱ्यांकडे. आमच्याकडे जावई आणि सासरे लग्नाला तीन वर्षं झाली तरी एकमेकांशी पाऊस कसा आहे यापलीकडे बोलले नव्हते.

मग ओळख करून देणं. एका जोडीला अर्धा मिनिट, वीस जोड्या म्हणजे दहा मिनिटं, खरं सांगायचं तर पंधरा होतात. त्याच्यापेक्षा जास्त माणसं असतील, पन्नास साठ, तर सगळ्यांना पुढे बोलवत बसू नका, पाच पाच जोड्यांचे गोल करा आणि आपापल्या गोलातच सांगा म्हणा, प्रत्येक गोलातली एकच सगळ्यात भारी ओळख माईकवर. पहिली जोडी कोणाची घ्यायची ते आधी ठरवून ठेवा, पहिली जोडी जशी बोलते तसेच सगळे बोलतात. पहिला लाजला की पुढचे सगळे नुसतं नाव आणि गाव सांगून बसतात. मी नेहमी एखादी बडबडी आजी बघून ठेवते. आणि ही आजी सवाष्ण आहे की नाही ते बघायचं काही कारण नाही. ओटी कोणी भरायची त्याचे प्रत्येक घरात काही ना काही नियम असतात, त्यावरून भांडायची ही जागा नाही, पण खेळ आपल्या हातात आहे, आणि कितीतरी घरांमध्ये ज्या बाईला ओटीच्या वेळी मागे बसवतात तीच घरातली सगळ्यात जास्त बाळंतपणं केलेली आणि सगळ्यात जास्त गोष्टी माहीत असलेली असते. तिला पहिली चिठ्ठी द्या, पहिला माईक पण तिलाच द्या.

ज्यांना उखाण्यात ओळख करून द्यायचीये त्यांना देऊ द्या, कोणीतरी एक सुरू करतं आणि मग साथ पसरते. आमच्या कप बशीतल्या बशीने जागच्या जागी रचलेला:

वरणावर तूप आणि भाताला मीठ,
जोडीदारीण माझी ठकी, बोलायला भलती धीट.

यमक जुळलं की झालं, टाळ्या पडतातच.

डोहाळकरीण एव्हाना बाहेर येते, येताना ओळखींचा शेवटचा भाग चालू असला तर फार छान, कारण तिच्याच गमती चालू असतात. तिला खेळात धावपळ करायला लावू नका, चिठ्ठी पण देऊ नका. फुलांचा झोपाळा, नाव, चंद्र चांदण्या जे काय सजवलं असेल ते फोटोपुरतं, खेळ चालू असताना तिला पाठ टेकता येईल अशी खुर्ची आणि पायाखाली पाट किंवा छोटं स्टूल द्या, सातव्या महिन्यात पाय सुजतात आणि त्यात भरजरी हिरवी साडी, गजरे, वर पंख्याखाली नाही तर फोटोच्या लाईटखाली बसवलेलं असतं. पाणी हाताशी ठेवा. तिचं काम एकच, शेवटी सगळ्यात आवडलेली जोडी निवडायची. दहा मिनिटांनी तिने मला आत जायचंय म्हटलं तर जाऊ द्या, खेळ तिच्याशिवाय पण चालतो, तीच त्याची सोय आहे.

आता काही खेळ जे लोक याच्या जागी घेतात त्याबद्दल. हाऊजी चांगलीच आहे पण त्यात प्रत्येक जण आपापल्या कागदात बघतो, शेजारच्याशी एक शब्द बोलावा लागत नाही, उलट बोललं तर आकडा चुकतो, त्यामुळे जेवणानंतर घ्या. रिबिनीने डोहाळकरणीच्या पोटाचा घेर ओळखायचा तो परदेशी खेळ मला स्वतःला अजिबात आवडत नाही, तीस लोकांसमोर बाईचं पोट मोजायचं, आणि मग कोणीतरी म्हणतंच एवढं मोठं कसं, कोणीतरी म्हणतं एवढंच कसं, आणि ती रात्रभर त्याचाच विचार करते. साडीत फुगा घालून पुरुषांना चालायला लावणं एकदा गमतीचं वाटतं, दुसऱ्या मिनिटाला नाही.

पेढा बर्फीचा खेळ मात्र राहू दे, दोन वाट्या झाकून ठेवायच्या, एकीत पेढा एकीत बर्फी, ती एक उघडते, पेढा निघाला तर मुलगा, बर्फी निघाली तर मुलगी. तो आपला जुना आहे आणि मजेचाच आहे, फक्त तो अगदी शेवटी घ्या. कारण तो आधी घेतला की उरलेला सगळा वेळ तोच विषय चालतो, मग कोणाची तरी आत्या म्हणते पेढाच निघणार बघा, आणि पहिली मुलगी असलेली सून ऐकत असते. बर्फी निघाल्यावर हॉलमध्ये सेकंदभर शांतता पडता कामा नये, म्हणून मी आमच्या दाराशी उभ्या असलेल्या पोरांना आधीच सांगून ठेवते, काहीही निघू दे, ओरडायचं. परदेशातले नातेवाईक विचारतात जेंडर रिव्हील का नाही करत, केक कापून गुलाबी निळं, त्यांच्याकडे 2008 च्या सुमाराला एका अमेरिकन ब्लॉगर बाईने केलं तिथून ते खूळ पसरलं. आपल्याकडे पोटातल्या बाळाचं लिंग विचारणं आणि सांगणं दोन्ही गुन्हा आहे, देशाचा कायदा 1994 चा आणि महाराष्ट्राने त्याच्याही आधी 1988 मध्ये स्वतःचा केला होता. त्यामुळे आपल्याला पेढा बर्फी, आणि पैज लावायची असेल तर वाटीवर लावा.

परदेशातल्यांचा विषय निघालाच तर व्हिडिओ कॉलवरच्यांना पण खेळात घ्या. आपल्याकडे संध्याकाळचे पाच म्हणजे न्यू जर्सीत उन्हाळ्यात सकाळचे साडेसात, ते चहा घेऊन बसू शकतात, कॅलिफोर्नियात मात्र पहाटेचे साडेचार, त्यांना आदल्या दिवशी विचारून घ्या खरंच उठणार आहात का. त्यांची चिठ्ठी व्हॉट्सॲपवर पाठवायची आणि त्यांची जोडी म्हणून हॉलमधलं कोणीतरी शाळकरी पोर द्यायचं, फोन धरून कोपऱ्यात जाऊन बोलायला त्याला कंटाळा येत नाही. मोठ्या माणसाला दिलंत तर ते फोन कानाला लावून बसतात आणि तिकडच्या माणसाला पाऊण तास कानाचा क्लोजअप दिसतो.

आता ती चिठ्ठीची मागची बाजू. ओळखी झाल्या की पेनं फिरवायची, पाचसहा पेनं पाहिजेत, एकावर भागत नाही, आणि सांगायचं की बाळ आल्यावर एक दिवस तुम्ही काय करणार ते लिहा, नाव आणि फोन नंबर घालून. आशीर्वाद लिहायचे नाहीत हे स्पष्ट सांगा, नाहीतर चाळीस चिठ्ठ्यांवर सुखी राहा येतं. काम लिहायचं. मंगळवारचा डबा पाठवीन, एक दुपार बाळाला सांभाळीन तू झोप, मालिशवाल्या मावशींचा नंबर देते, लसीच्या दिवशी गाडी घेऊन येईन, नुसती येऊन भांडी घासून जाईन आणि बाळाला हातात पण मागणार नाही. हे शेवटचं एका कॉलेजच्या मैत्रिणीने लिहिलं होतं, त्याला नणंदेने सगळ्यात जास्त मार्क दिले. ज्यांना काही लिहायचं नसेल त्यांनी कोरी परत द्यावी, आग्रह नको. सगळ्या चिठ्ठ्या एका स्टीलच्या डब्यात भरायच्या आणि डबा भेटींच्या ढिगात न टाकता तिच्या आईच्या हातात द्यायचा, कारण भेटी नंतर कुठल्या पिशवीत जातात ते देवाला माहीत.

बाळंतिणीने स्वतः फोन करून मदत मागावी असं होत नाही हो, कितीही सांगा, तिला संकोच वाटतो. नणंदेच्या वेळी डब्यातल्या चिठ्ठ्या तिच्या आईने, म्हणजे माझ्या सासूबाईंनी, रविवारी बसून वारांप्रमाणे लावल्या आणि सरळ एकेकाला फोन केले, तुम्ही डबा म्हणाला होतात, या गुरुवारी जमेल का. गुंडूमामांनी लिहिलं होतं बाळाच्या जन्मदाखल्याचं काम करून देईन, आणि ते खरंच महापालिकेत दोन खेपा घालून घेऊन आले, दाखला देताना म्हणाले नाव घालून घ्या लवकर, आणि घरी काय हाक मारायची तेही आत्ताच ठरवा, नाहीतर माझ्यासारखं होतं.

बक्षिसाचं राहिलं. जिंकलेल्या जोडीला मोठं काही देऊ नका, एकाच डब्यातले पेढे दोघांत वाटून घ्या म्हणावं, म्हणजे परत एकदा बोलावं लागतं. आणि टाचण्या मोजून परत घ्या, चाळीस चिठ्ठ्यांच्या वीस टाचण्या, हॉलमध्ये रांगणारी पोरं असतात, मी आता टाचणी सोडून कागदाची क्लिपच लावते.